हप्ता दाखवितात, बेरीज लपवितात!

तालुक्याच्या गांवीं बाजाराच्या दिवशीं एस. टी. स्टँडपासून पेठेपर्यंतच्या नुसत्या पाट्या वाचीत गेलें, तरी आमच्या शेतकरी व कारागीर वर्गाच्या कल्याणाची काळजी सांप्रत किती जणांना लागून राहिली आहे हें ध्यानांत येतें. कोणी म्हणतो, भाड्याइतक्या हप्त्यांत घर घ्या. कोणी म्हणतो, कागद थोडे आणा आणि कर्ज लगेच न्या. पाटीवर घराचें चित्र असतें, हंसऱ्या मुलाबाळांचें चित्र असतें, महिन्याच्या हप्त्याचा आंकडाहि ठळक अक्षरांत असतो. एकच आंकडा कोठें नसतो: शेवटचा हप्ता भरून होईल त्या दिवशीं या घरापायीं एकंदर किती रुपये तुमच्या घामांतून गेलेले असतील, हा. हप्ता सांगणारे रस्तोरस्तीं उभे आहेत, बेरीज सांगणारा एकहि नाहीं. आमचा आजचा आरोप हाच आहे आणि तो आम्ही उघडपणें करतों.

ते बेरीज करीत नाहींत म्हणून ती आपणच करूं. बंधूंनो, वही-पेन्सिल घेऊन बसा. घरांत शाळेंत जाणारें मूल असेल तर त्यालाहि जवळ बसवा. समजा, आपल्यापैकीं एका सुतारानें घरासाठीं २० लाख रुपये कर्ज काढलें. व्याज दरसाल साडेआठ टक्के, मुदत २० वर्षें. त्याचा महिन्याचा हप्ता १७,३५६ रुपये येतो. २० वर्षांचे महिने २४०. गुणाकार करा: ४१ लाख ६५ हजारांवर रक्कम जाते. घेतले २० लाख, आणि नुसतें व्याज दिलें सुमारें २१ लाख ६५ हजार. म्हणजे एका घरांत तो राहिला आणि दुसऱ्या घराची किंमत त्यानें बँकेच्या तिजोरींत नेऊन भरली.

आतां हें व्याज कसें वळतें होतें तें पहा. पहिल्या महिन्याच्या १७,३५६ रुपयांपैकीं १४,१६७ रुपये व्याजाचे आणि मुद्दलाला अवघे ३,१८९. पांच वर्षें एकहि हप्ता न चुकवितां भरला, तर भरणा होतो १० लाख ४१ हजार. मुद्दल फिटतें २ लाख ३७ हजार. दहा वर्षांनीं भरणा २० लाख ८२ हजारांवर गेलेला असतो. घेतलें त्याहून अधिक देऊन झालें! तरी बँकेच्या वहींत जवळजवळ १४ लाख उभेच असतात. अर्धें मुद्दल फिटावयास १४ वर्षांच्या घरांत काळ जातो. कर्ज काढलें त्या वर्षीं पाळण्यांत असलेली पोरगी नववींत जाते, तेव्हां कोठें बापाचें अर्धें घर मोकळें होतें.

हा हिशेब खोटा आहे असें आमचें म्हणणें नाहीं. व्याज शिल्लक मुद्दलावर लागतें, आरंभीं मुद्दल मोठें म्हणून व्याजहि मोठें, हें गणित सरळ आहे. बँकेचा पैसा म्हणजे ठेवीदारांचा पैसा, त्यांनाहि व्याज द्यावें लागतें, हेंहि आम्हांला मान्य आहे. आमची तक्रार प्रश्न विचारण्याच्या रीतीबद्दल आहे. गिऱ्हाईक दारांत आलें कीं त्याला विचारतात, "महिना किती झेपेल?" घराची किंमत किती पडेल हा प्रश्न तेथेंच मरतो. हप्ता झेपत नाहीं म्हटलें तर मोठ्या दयाळूपणानें मुदत वाढवून देतात. त्याच २० लाखांची मुदत २० ऐवजीं ३० वर्षें केली कीं हप्ता १५,३७८ वर उतरतो. महिना १,९७८ रुपये वांचले म्हणून गिऱ्हाईक हात जोडतें. पण एकंदर भरणा ५५ लाख ३६ हजारांवर गेलेला असतो. महिना दोन हजारांच्या सवलतीची किंमत पावणेचौदा लाख! उलट १५ वर्षांची मुदत घेतली तर हप्ता १९,६९५ आणि एकंदर साडेपस्तीस लाखांच्या आंत. तेंच घर, तेंच कर्ज, तोच दर. आणि मुदतीच्या एका आंकड्यानें वीस लाखांचा फरक. हा तक्ता कर्ज देणाऱ्याच्या यंत्रांत एका क्षणांत निघतो. तो गिऱ्हाईकापुढें कां ठेवीत नाहींत, याचें उत्तर त्यांनीं द्यावें.

आमच्या आजोबांना अक्षर येत नव्हतें, पण कर्ज काढतांना एक प्रश्न ते हटकून विचारीत: एकाचे किती होणार? दामदुप्पट हा शब्द त्यांच्या तोंडीं होता. थकलेलें व्याज एका वेळीं शिल्लक मुद्दलाहून अधिक मागतां येऊं नये, असा तो नियम. हप्त्याहप्त्यानें वर्षानुवर्षें दिलेल्या व्याजाची बेरीज त्यांत धरीत नसत, म्हणून आजचें गृहकर्ज त्या नियमाबाहेर जातें असें कोणी समजूं नये. पण कर्जाला एक वरची हद्द असते आणि देणाऱ्यानें ती आधीं पहावी, ही समज त्या शब्दांत होती. आज नातू पदवीधर आहे, मोबाइलवर सही करतो, आणि एकाचे किती होणार हें त्याला ठाऊक नसतें!

हिशेब न दाखवितां वाढलेल्या कर्जानें काय होतें तें महाराष्ट्रानें एकदां पाहिलें आहे. १२ मे १८७५ रोजीं पुणें जिल्ह्यांतील सुपें येथें शेतकरी सावकारांच्या दुकानांवर चालून गेले आणि त्यांनीं रोखे व वह्या हिसकावल्या. धान्यापेक्षां त्यांना कागद हवे होते. पुढें १८७९ सालीं पुणें, सातारा, सोलापूर व अहमदनगर या चार जिल्ह्यांसाठीं दक्षिणेंतील शेतकऱ्यांचा कायदा झाला. न्यायाधीशानें रोख्यावरचा आंकडा तसाच न मानतां मुळांत किती दिले, व्याज किती चढविलें, याची चौकशी करावी. सावकारानें पावती द्यावी, दरसाल हिशेब द्यावा, असें त्यांत ठरलें. आतां तो कायदा उरला नाहीं. बँकांपुरती तर गोष्ट उलट आहे. १९८४ सालीं बँकिंग नियमन कायद्यांत २१-अ हें कलम घातलें गेलें आणि बँकेचा व्याजदर भारी आहे एवढ्या कारणावरून न्यायालयानें हिशेब पुन्हां उघडूं नये असें ठरलें. याचा अर्थ नीट ध्यानांत घ्या. सही झाल्यावर व्याज जास्त झालें म्हणून रडत न्यायालयांत गेलां तर दार बंद आहे. जें काय विचारावयाचें तें सहीपूर्वीं.

सहीनंतरहि दर तोच राहील या भरंवशावर राहूं नका. बहुतेक गृहकर्जें बदलत्या दराचीं असतात. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांचीं नवीं बदलत्या दराचीं गृहकर्जें रिझर्व्ह बँकेच्या रेपो दरासारख्या बाहेरच्या मापाशीं बांधलीं गेलीं. मे २०२२ च्या आरंभीं रेपो दर ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ मध्यें तो साडेसहा झाला. अडीच टक्के म्हणजे फार वाटत नाहीं. पण त्याचें घरांत काय झालें तें मांडून पहा. समजा, एकानें पावणेसात टक्क्यांनीं २० लाख घेतले, मुदत २० वर्षें, हप्ता १५,२०७. दोन वर्षें भरून शिल्लक राहिली सुमारें १८ लाख ९८ हजार. मग दर सव्वानऊ झाला. आतां एका महिन्याचें व्याजच १४,६३५ होतें. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलाला महिन्याचे पावणेसहाशें रुपयेहि मिळत नाहींत, आणि उरलेलीं १८ वर्षें वाढून साडेपस्तीस होतात. हप्ता वाढला नाहीं म्हणून घरांत आनंद, आणि इकडे बापाचें कर्ज नातवाच्या लग्नापर्यंत पोंचलेलें! अनेकांच्या मुदती त्या काळांत अशाच मुकाट्यानें लांबल्या. म्हणून तर १८ ऑगस्ट २०२३ रोजीं रिझर्व्ह बँकेला परिपत्रक काढून सांगावें लागलें कीं दर बदलल्यास हप्ता वाढवावयाचा कीं मुदत, हें कर्जदाराला विचारावें.

आतां आमच्या वर्गाच्या वर्मावर बोट ठेवतों. वरचा साडेआठ टक्क्यांचा हिशेब पगारपत्रक असलेल्याचा आहे. कुंभार, लोहार, शिंपी, गवंडी, भाजीवाली, दोन एकरांचा शेतकरी यांच्याजवळ पगारपत्रक कोठलें? बँकेच्या दारांतून तो परत फिरतो आणि ज्या कंपन्या कागद थोडे मागतात त्यांच्याकडे जातो. तेथें दर चढा असतो. १० लाखांचें कर्ज, मुदत २० वर्षें घेऊन दोन दर शेजारीं मांडा. साडेआठ टक्क्यांनीं एकंदर भरणा २० लाख ८३ हजार; १४ टक्क्यांनीं २९ लाख ८४ हजार. ज्याची मिळकत पावसावर, त्यानें पगारदाराहून ९ लाख अधिक द्यावयाचे! धोका जास्त म्हणून दर जास्त, असें कारण सांगतात. सांगोत, पण मग पाटीवर "गरिबांसाठीं खास" असें लिहूं नये.

या चढ्या दरावर आणखी एक ओझें टाकतात. कर्जाबरोबर विम्याचा कागद पुढें सरकवितात आणि त्याचा एकरकमी हप्ता कर्जांतच मिळवून टाकतात. घरचा कर्ता गेला तर विमा उपयोगी पडतो हें खरें. पण ६० हजारांचा विमा कर्जांत मिळविला कीं साडेआठ टक्क्यांनीं २० वर्षांत त्याचे सव्वा लाख द्यावे लागतात. विमा हवा असेल तर तो बाहेर चौकशी करून, स्वतंत्र पैसे भरून घ्यावा. विम्यावांचून कर्ज मिळणार नाहीं असें कोणी म्हणाला, तर तो नियम लेखी मागावा. बहुधा कागद येत नाहीं, आग्रह मात्र थांबतो.

खेड्यांतील बंधूंना याहून निकडीची सूचना द्यावयाची आहे. गांवठाणांतील आपल्या घरांना आजवर धड कागद नव्हता, म्हणून तीं गहाणहि पडत नव्हतीं. एप्रिल २०२० मध्यें सरकारनें स्वामित्व योजना काढली; ड्रोननें मोजणी करून घराची मिळकत पत्रिका द्यावयाची. घराचा कागद घरधन्याच्या हातीं येणें ही चांगलीच गोष्ट आहे. पण या पत्रिकेवर कर्ज काढतां यावें हा योजनेचा एक सांगितलेला हेतूच आहे, हें विसरूं नका. कागदामागोमाग कर्ज देणारा येतोच. आणि आपल्यांत एक गैरसमज घट्ट बसला आहे: "जमीन गहाण नाहीं ना? मग चिंता नाहीं." २००२ च्या सरफेसी कायद्यानें शेतजमिनीला वगळलें आहे हें खरें, राहत्या घराला वगळलेलें नाहीं! हप्ते ९० दिवसांवर थकले कीं खातें बुडीताच्या वर्गांत जातें, ६० दिवसांची नोटीस निघते, आणि त्यानंतर दिवाणी दावा न लावतां घराचा ताबा घेऊन लिलाव करतां येतो. सहकारी बँकाहि हा कायदा वापरूं शकतात, असें सर्वोच्च न्यायालयानें ५ मे २०२० रोजीं ठरविलें. दाद मागावयाची तर ४५ दिवसांच्या आंत, आणि तीहि मुंबई, पुणें, नागपूर अशा शहरांतील कर्जवसुली न्यायाधिकरणापुढें. शेतीचे पैसे वर्षांतून एकदां-दोनदां येतात, हप्ता मात्र महिन्याला. एक पीक गेलें कीं तीन हप्ते थकतात. धाब्याचें घर पाडून स्लॅब घालण्याकरितां वडिलोपार्जित ओटा गहाण टाकणाऱ्यानें एवढें पाठ करून ठेवावें.

आमच्यावर आक्षेप येतील, त्यांनाहि उत्तर देऊं. पहिला आक्षेप: भाडें तरी फुकटच जातें. जातें खरें. पण व्याज म्हणजे पैशाचें भाडेंच कीं! तसलेंच घर पांच हजार भाड्यानें मिळत असतां पहिल्या महिन्यांत चौदा हजार व्याज देणारानें दोन्ही आंकडे शेजारीं मांडून मग बोलावें. दुसरा आक्षेप: रुपया दिवसेंदिवस स्वस्त होतो, पुढचे हप्ते हलके वाटतील. ज्याचा पगार दरसाल वाढतो त्याला वाटतील. ज्याच्या कांद्याला यंदां भाव आणि पुढच्या सालीं उकिरडा, त्याला हा दिलासा कोणी द्यावा? तिसरा: आयकरांत सवलत मिळते. ज्याला आयकर लागूच होत नाहीं त्याच्या पदरांत या सवलतीचा दमडाहि पडत नाहीं. चौथा आक्षेप मात्र आम्हांला मान्य आहे: कर्जावांचून गरिबाला घर होणें कठीण. म्हणूनच कर्ज घेऊं नका असें आम्ही म्हणत नाहीं. किंमत विचारून घ्या, असें म्हणतों. दोन रुपयांच्या मेथीच्या जुडीला घासाघीस करणारा आमचा माणूस चाळीस लाखांच्या सौद्याला मान डोलावतो, याची आम्हांला लाज वाटते.

तर करावयाचें काय? पहिली गोष्ट: सहीपूर्वीं मुख्य बाबींचें पत्रक मागा. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या गृहकर्जाला तें देणें बंधनकारक झालें आहे. त्यांत सर्व खर्च धरून वार्षिक दर किती पडतो तें आणि फेडीचा पुरा तक्ता असावा लागतो, आणि तें कर्जदाराला समजणाऱ्या भाषेंत असावें असा नियम आहे. मराठींत मागा! इंग्रजी कागदावर मराठी माणसानें अंदाजानें सही करूं नये. दुसरी: १५, २० व ३० वर्षांची एकंदर बेरीज लिहून घ्या, आणि हप्ता झेपेल त्यांतली आंखूड मुदत धरा. तिसरी: राहत्या घराच्या बदलत्या दराच्या कर्जावर मुदतीपूर्वीं पैसे भरल्यास दंड घेतां येत नाहीं; बँकांना ही मनाई २०१२ पासून आहे. वरच्या सुतारानें दरमहा फक्त २,००० रुपये अधिक भरले, तर कर्ज साडेपंधरा वर्षांत फिटतें आणि साडेपांच लाखांवर व्याज वांचतें. चार पैसे हातीं आले कीं आधीं मुद्दलावर टाका. मुद्दल जितकें लवकर कमी, तितकें पुढचें व्याज मेलें. चौथी: दर तिमाहीला आजवर मुद्दल किती फिटलें, व्याज किती गेलें, हप्ते किती राहिले, याचा हिशेब मिळण्याचा तुम्हांला हक्क आहे, तो मागून वाचा. २०२५ सालीं रिझर्व्ह बँकेनें रेपो दर उतरविला. तो उतार तुमच्या खात्यापर्यंत पोंचला कीं नाहीं तें विचारा. पांचवी: कर्ज फिटल्यावर ३० दिवसांत मूळ कागद परत मिळाले पाहिजेत, बँकेच्या दोषानें उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे.

भगिनींनाहि एक शब्द. कर्जाच्या कागदावर सह-कर्जदार म्हणून तुमची सही घेतात. हिशेब मात्र ओटीवर पुरुषांत होतो. सही केली म्हणजे फेडीची जबाबदारी तुमच्यावरहि आली. ज्या कागदाची बेरीज तुम्हांला कोणी समजावून दिली नाहीं, त्यावर सही करूं नका. घरखर्चाचा रुपयान् रुपया ज्या हातांनीं मोजला जातो, त्या हातांना हें गणित जड नाहीं.

आणि कर्ज देणाऱ्यांकडे आमची मागणी साधी आहे. ज्या अक्षरांत हप्ता छापतां, त्याच अक्षरांत एकंदर भरणा छापा. हप्ता १७,३५६, वर्षें २०, एकंदर ४१ लाख ६५ हजार, असें पाटीवर लिहा. तुमचा व्यवहार स्वच्छ असेल तर यांत तुमचें कांहीं जात नाहीं. तुम्ही लिहीपर्यंत आमच्या शिकलेल्या तरुणांनीं एक काम अंगावर घ्यावें. ग्रामपंचायतीच्या फळ्यावर, तालमींत, बचत गटाच्या बैठकींत खडूनें ही बेरीज मांडून दाखवावी, आणि गांवांत कोणी कर्जाचा कागद घेऊन आला तर सही होण्यापूर्वीं त्याला शेजारीं बसवून त्याच्या घराची खरी किंमत काढून द्यावी. अर्ध्या तासाचें काम आहे. त्यांत एखाद्या कुटुंबाचीं दहा वर्षें वांचतील.